माळवदाच्या घरांची छापचित्रे : जुन्या घरांविषयी मदत हवी आहे

सर्वांना सविनय नमस्कार. मी सोलापुरात राहतो आणि गेली काही वर्षे लाकडी ठशांची छापचित्रे करतो. अलीगढमध्ये जन्मलेल्या छापचित्रकार झरीना हाश्मी (१९३७–२०२०) यांनी आपल्या वडिलांच्या घराचा नकाशाच चित्राचा विषय केला, हे पाहिल्यापासून मला माळवदाच्या घरांवर, म्हणजे जाड मातीच्या भिंती आणि लाकडी तुळयांवर माती दाबून केलेल्या सपाट छपराच्या घरांवर, अशीच मालिका करण्याची ओढ लागली आहे. आजोळचे असे घर गेल्या वर्षी पाडले गेले, तेव्हा मजजवळ त्याचे एकही मोजमाप नव्हते. दुपारी साण्यातून, म्हणजे छपरात उजेडासाठी ठेवलेल्या झरोक्यातून, उतरणारा उजेडाचा चौकोन सारवलेल्या जमिनीवरून सरकत दिव्याच्या काजळीने काळ्या पडलेल्या देवळीपर्यंत (भिंतीतल्या कोनाड्यापर्यंत) जाई, एवढेच मला खात्रीने आठवते.

शहरात किंवा अक्कलकोट, बार्शीकडे कोणाचे असे घर अजून उभे असल्यास, तेथे दोन दिवस बसून रेखाटने करण्याची आणि खणांची (दोन तुळयांमधल्या जागांची) मापे घेण्याची परवानगी मिळेल का? घरातील माणसांची छायाचित्रे मी घेणार नाही.

त्याहून महत्त्वाची विनंती शब्दांची आहे. प्रत्येक चित्राखाली त्या जागेचे नाव छापायचे असून, आपल्याकडे मराठीबरोबर कन्नड आणि तेलुगूही घराघरांत बोलली जात असल्याने, साणे, देवळी, उंबरा आणि हातमागावर बसताना पाय सोडायच्या खड्ड्याला आपल्या घरी काय म्हणतात, हे वडीलधाऱ्यांना विचारून कृपया कळवावे.