मराठी माध्यमाच्या सातवीसाठी सोपी करून लिहिलेली इंग्रजी गोष्टींची पुस्तके: निवड आणि वापर

प्रश्न (शिक्षिका, सातारा जिल्हा)

नमस्कार. मी ग्रामीण भागातील मराठी माध्यमाच्या शाळेत सहावी-सातवीला इंग्रजी शिकवते. २००० सालापासून आपल्याकडे पहिलीपासून इंग्रजी आहे, त्यामुळे माझ्याकडे येणारी मुले हा विषय पाच-सहा वर्षे शिकलेली असतात. शिकवून झालेल्या धड्याची प्रश्नोत्तरे ती व्यवस्थित लिहितात, परंतु न शिकवलेला साधा परिच्छेद समोर ठेवला की पहिल्याच ओळीला थांबतात आणि “मॅडम, अर्थ सांगा” म्हणतात. यंदा ग्रामस्थांनी ग्रंथालयासाठी काही रक्कम दिली आहे आणि तिच्यातून सोप्या इंग्रजीतील गोष्टींची पुस्तके घ्यावीत, असे माझ्या मनात आहे.

माझी मुख्य अडचण पातळीची आहे. पुस्तकाच्या मागे जी शब्दसंख्या छापलेली असते, तिच्यावर कितपत विसंबावे? शिवाय एका सहकाऱ्यांचे मत असे, की ही पुस्तके म्हणजे मूळ साहित्याचा चोथा असून मुलांना अस्सल इंग्रजीच वाचायला द्यावे. अनुभवी मंडळींनी कृपया मार्गदर्शन करावे.

उत्तर १ (निवृत्त इंग्रजी शिक्षक, नाशिक)

मॅडम, आपला विचार योग्य आहे आणि तो सोडू नये. हू आणि नेशन या भाषाशिक्षणाच्या संशोधकांच्या २००० साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात असे दिसले, की कोणाच्याही मदतीवाचून गोष्ट पुरेशी समजायची असेल तर वाचकाला तिच्यातले सुमारे ९८ टक्के शब्द आधीच ठाऊक असावे लागतात, म्हणजे पन्नास शब्दांत एखादाच शब्द अनोळखी असावा. या मापाने पाहिले तर पाठ्यपुस्तक आपल्या मुलांना अवघड आहे, आणि ते तसे असण्यात वावगे काही नाही, कारण ते शिक्षकाच्या सोबतीने वाचायचे असते. एकट्याने वाचायचे पुस्तक मात्र त्याहून बरेच सोपे हवे, आणि असे पुस्तक आपल्या मुलांच्या हाती जवळजवळ कधीच पडत नाही. पहिल्याच ओळीला थांबण्याचे मूळ मला तिथे दिसते.

छापील शब्दसंख्या उपयोगी आहे, पण तिचा अर्थ नीट समजून घ्यावा. उदाहरणार्थ, ऑक्सफर्ड बुकवर्म्स या मालिकेत प्रारंभिक पातळी २५० शब्दांची, पहिली ४०० ची आणि दुसरी ७०० ची आहे. हे मूळ शब्द असतात. ‘गो’, ‘वेन्ट’ आणि ‘गॉन’ ही तिन्ही रूपे एकच शब्द म्हणून मोजली जातात. ज्या मुलाला ‘वेन्ट’ ओळखता येत नाही, त्याच्यासाठी ते पुस्तक लिहिल्यापेक्षा अवघड ठरते. म्हणून मुलाला शंभरेक शब्दांचे एक पान वाचू द्यावे आणि अडलेल्या शब्दांवर बोट ठेवायला सांगावे. दोन-तीनपेक्षा अधिक शब्द अडले तर खालची पातळी द्यावी. सातवीच्या मुलाला २५० शब्दांच्या पुस्तकापासून सुरुवात करावी लागली तरी त्यात कमीपणा मानू नये.

आणखी एक गोष्ट पुस्तक चाळताना पाहावी. वाक्ये आखूड केली म्हणजे मजकूर सोपा होतोच असे नाही. ‘बिकॉज’ आणि ‘ऑल्दो’ यांसारखे जोडणारे शब्द काढून वाक्याचे तुकडे केले, की कोणत्या घटनेमुळे काय घडले हे मुलाला स्वतःच ताडावे लागते. तसेच ‘पुट अप विथ’ किंवा ‘गेट ओव्हर’ यांसारखे प्रयोग लहान-लहान ओळखीच्या शब्दांचे असतात, पण त्या शब्दांवरून अर्थ लागत नाही. ‘हॉस्पिटल’ हा लांबलचक शब्द आपल्या मुलांना त्याहून कितीतरी सोपा जातो.

आपल्या सहकाऱ्यांच्या आक्षेपाबद्दल एवढेच सांगतो, की या पद्धतीची पाळेमुळे आपल्याच उपखंडात आहेत. ढाक्यातील शिक्षक-प्रशिक्षण महाविद्यालयात काम करणाऱ्या मायकेल वेस्ट यांनी १९२० च्या दशकात बंगाली मुलांसाठी अशी वाचनमाला तयार केली. त्यांनी दुर्मीळ शब्दांच्या जागी नित्य वापरातले शब्द घातले, नवे शब्द विरळ ठेवले आणि एकदा आलेला शब्द पुढच्या पानांत पुन्हापुन्हा येऊ दिला. हा शेवटचा भाग फार मोलाचा आहे, कारण मूळ साहित्यात एखादा शब्द एकदा दिसून पुढे शंभर पाने भेटत नाही. अस्सल साहित्य मुलांनी जरूर वाचावे, परंतु तिथवर पोहोचायला आधी वाट हवी.

उत्तर २ (शालेय ग्रंथपाल, ठाणे)

रक्कम मर्यादित असेल तर ‘प्रथम बुक्स’ या बालपुस्तकांच्या प्रकाशनसंस्थेने २०१५ साली सुरू केलेले स्टोरीवीव्हर हे संकेतस्थळ अवश्य पाहावे. तेथील गोष्टी विनामूल्य आहेत, मुक्त परवान्यामुळे शाळेला त्या छापून घेता येतात, आणि अनेक गोष्टी मराठी व इंग्रजी दोन्हींत मिळतात. गोष्ट आधी मराठीत वाचलेली असली, की इंग्रजी वाचताना मुलाचे अर्धे ओझे उतरते. मात्र तेथील चार पातळ्या मुख्यतः नुकत्याच वाचू लागलेल्या लहान मुलांचा विचार करून ठरवलेल्या आहेत. भाषेने सोपी असलेली पहिल्या पातळीची गोष्ट बारा वर्षांच्या मुलाला विषयाने बालिश वाटू शकते, म्हणून सातवीसाठी प्राणी, विज्ञान किंवा खऱ्या व्यक्तींवरची पुस्तके निवडावीत.

प्रश्नकर्ती

दोघांचेही मनापासून आभार. आता एक व्यावहारिक शंका आहे. मुख्याध्यापकांना या तासिकांची नोंद हवी आहे. प्रत्येक पुस्तकावर प्रश्नपत्रिका काढावी का?

उत्तर ३ (शिक्षक-प्रशिक्षक, कोल्हापूर)

कृपया काढू नये. पुस्तकाच्या शेवटी परीक्षा आहे हे कळले, की मुले गोष्ट वाचण्याऐवजी उत्तरे शोधू लागतात आणि आपण पुन्हा धड्यापाशी येतो. त्याऐवजी वहीत पुस्तकाचे नाव, तारीख आणि आवडले की नाही याबद्दल एक ओळ एवढीच नोंद असावी. ती ओळ मराठीत लिहिली तरी चालेल. मुख्याध्यापकांना दाखवायला ही वही पुरेशी आहे.

त्यांना फिजीचे उदाहरणही सांगावे. १९८० च्या सुमारास एली आणि मांगुभाई या संशोधकांनी तेथील ग्रामीण शाळांतील चौथी-पाचवीच्या काही वर्गांना प्रत्येकी २५० इंग्रजी गोष्टींची पुस्तके दिली. या मुलांच्या घरी फिजियन किंवा हिंदी बोलली जात असे, म्हणजे त्यांची स्थिती आपल्या मुलांसारखीच होती. काही वर्गांत शिक्षक मोठे पुस्तक समोर धरून मुलांसोबत वाचत, काही वर्गांत मुले रोज वीस-तीस मिनिटे मनात वाचत. नेहमीच्या पाठांतराच्या वर्गांपेक्षा हे दोन्ही गट वाचनात आणि ऐकून समजण्यात पुढे गेले, आणि दुसऱ्या वर्षी तोच फरक लेखनात आणि व्याकरणातही दिसला. वाचनाला दिलेली तासिका अभ्यासक्रमातून वजा होते, ही समजूत या प्रयोगाने खोटी ठरवली आहे.

आपल्या वर्गात आरंभी शिक्षकाने मोठ्याने वाचणे मला आवश्यक वाटते. स्टेशन, डॉक्टर, तिकीट असे शेकडो शब्द मुलांना कानाने ठाऊक असतात, पण त्यांचे इंग्रजी स्पेलिंग डोळ्यांच्या ओळखीचे नसते. पान समोर ठेवून शिक्षक वाचत असेल तर हे ओळखीचे शब्द आपोआप सापडतात. मधे थांबून ओळीओळीचे भाषांतर मात्र करू नये. चित्र दाखवावे, हावभाव करावेत आणि पुढे जावे.

नाशिकच्या सरांनी सांगितलेली बोट ठेवण्याची कसोटी सुरुवातीला वापरावी, तथापि एखाद्या मुलाला अवघड पुस्तकच हवे असेल तर ते त्याला द्यावे, कारण आवडीपोटी मुले पुष्कळ अडचण सोसतात. खरेदी करताना एकाच पुस्तकाच्या चाळीस प्रती घेण्याचा मोह टाळावा. चाळीस निरनिराळी पुस्तके घ्यावीत, त्यांतली निम्म्याहून अधिक सर्वांत खालच्या दोन पातळ्यांची असावीत, आणि ती कपाटात कुलूपबंद न ठेवता वर्गातच मुलांच्या हाताला येतील अशी ठेवावीत.