उभयचर नेमका कोण, आणि पाण्यातून वर येण्याला क्रियापद कोणतं?

काठावरची
मुलांच्या एका निसर्गपुस्तकाचा अनुवाद करतेय, वयोगट आठ ते दहा. बेडकाच्या प्रकरणात मी लिहिलं, 'बेडूक उभयचर आहे, कासव उभयचर नाही.' भाचीला वाचून दाखवलं तर ती म्हणाली, "उभय म्हणजे दोन्ही ना? कासव पाण्यात पण असतं, जमिनीवर पण असतं. मग ते का नाही?"

मी त्वचा, अंडी, कल्ले सगळं सांगितलं. पण तिचा प्रश्न शास्त्राचा नव्हता, शब्दाचा होता. आणि शब्द फोडायला गेलं की तो तिच्याच बाजूने साक्ष देतो. इंग्रजी 'अँफिबियन'च्या मूळ ग्रीक शब्दात 'दोन्ही'पुढे 'जीवन' आहे, आपल्याकडे 'दोन्ही'पुढे 'चर' आहे. तिकडे दोन आयुष्यं, इकडे दोन जागी वावर.

दोन गोष्टी विचारायच्या आहेत. मुलांची फसगत होणार नाही असा दुसरा शब्द आहे का? आणि बेडकाचं पिल्लू पहिल्यांदा पाण्यातून जमिनीवर येतं, त्या येण्याला आपल्याकडे क्रियापद कोणतं? 'बाहेर येतं' लिहून पाहिलं, पण त्यात काहीच घडत नाही.

जुनीवही
उभयचर रुळलेला शब्द आहे, कृपया हलवू नका. पारिभाषिक शब्दाचा अर्थ व्याख्येत असतो, व्युत्पत्तीत नाही. 'खेचर' फोडला तर आकाशात फिरणारा. मराठीत खेचर ओझी वाहतं. कुणाचं काही अडलं का?

ओहोळ
जुनीवही, ते दोन वेगळे शब्द आहेत, उच्चार एक झाला इतकंच. उदाहरण लागू पडत नाही.

'चर'ची अडचण आणखी एक आहे. संस्कृतात चर म्हणजे फिरणं, पण मराठी कानाला 'चरणं' म्हणजे गुरांचं चरणं. माझ्या मुलाने शाळेत उभयचरचा अर्थ 'दोन्हीकडे चरणारा' असा लिहिला होता. बाईंनी फुली मारली. मला अजूनही वाटतं, त्याने भाषेशी प्रामाणिक उत्तर लिहिलं होतं.

शेवाळ
काठावरची, भाचीला सांगा की तिची चूक फार मोठ्या माणसाचीही आहे. प्राण्यांचं वर्गीकरण करणाऱ्या कार्ल लिनीअसने आपल्या 'सिस्टेमा नॅचुरी' ग्रंथाच्या 1758 च्या आवृत्तीत या वर्गात बेडकांबरोबर कासवं, मगरी, सरडे, साप सगळे बसवले होते. शार्क आणि पाकटसुद्धा. वेगळे काढणं नंतरच्यांचं काम.

उलट बाजूही बघा. अ‍ॅक्सोलॉटल हा बेडकाचा शेपटीवाला नातलग एरवी जन्मभर पाण्यातच राहतो, कल्लेसुद्धा टाकत नाही. तोही उभयचर. आपल्या सह्याद्रीत झुडुपांवर राहणारे इवलेसे बेडूक आहेत, ज्यांच्या अंड्यांतून थेट बेडूकच निघतो. मधली पोहणारी अवस्था नाही, त्यांना डबकं लागतच नाही. तेही उभयचर. देवगांडुळाला पायच नाहीत, तरी तो उभयचर. म्हणजे 'दोन जागी वावर' चालत नाही आणि 'दोन आयुष्यं'ही सगळ्यांना चालत नाही. ग्रीक शब्द आपल्यापेक्षा फार शहाणा आहे असं नाही.

बोलीवेडा
'दुजीवी' करा की. सोपा, मराठी, जोडाक्षर नाही. उभय हा शब्द मुलांना कुठे भेटतो? थेट उभयान्वयी अव्ययात. तिथेही तो त्यांना छळतोच.

ओहोळ
दुजीवी? 'दोन जिवांची' म्हणजे गरोदर बाई, हे कुठल्याही आजीला विचारा. मुलं घरी जाऊन 'बेडूक दुजीवी आहे' म्हणाली की आजी पहिला प्रश्न काय विचारेल?

बोलीवेडा
मान्य, तो गेला. मग 'दुजन्मी'.

जुनीवही
त्याला संस्कृतात 'द्विज' आहे. पक्षी द्विज, कारण आधी अंड्याचा जन्म. दात द्विज, कारण एकदा पडून पुन्हा येतात. बेडकाइतका खरा द्विज दुसरा नाही, पण हा शब्द इतका व्यापलेला आहे की तिथे बेडकाला जागा मिळायची नाही. म्हणून म्हणतो, उभयचर ठेवा आणि खाली टीप द्या.

काठावरची
आठ वर्षांचं मूल टीप वाचत नाही, जुनीवही. ते शब्दावर विश्वास ठेवतं. मला तो विश्वास मोडायचा नाही, म्हणून तर इथे आले.

शब्द राहू द्या थोडा वेळ. क्रियापदाचं कुणीच बोललं नाही.

थडीकर
क्रियापद 'उतरणं' वापरा. हा शब्द फार सुंदर आहे आणि आपण त्याच्याकडे बघतच नाही. माणूस पाण्यात उतरतो, आणि नावेतून काठावरही उतरतो. दोन्ही दिशांना एकच क्रियापद. नदी पायी ओलांडता येते ती जागा म्हणजे उतार. नदीला उतार आहे का, असं विचारत. त्यातूनच उतारू. आज उतारू रेल्वेत बसतो आणि त्याचे पाय भिजत नाहीत, पण शब्द पाणी ओलांडणाऱ्याचा आहे. मुळाशी संस्कृत 'तॄ', तरून जाणं. तीर्थ, तारू, तारणं, अवतार, सगळी त्याचीच वंशावळ. तुमचं पिल्लू जमिनीवर 'उतरलं' म्हणा.

शेवाळ
थडीकर, शब्दांचं सगळं पटलं, पण पिल्लू उतरत नाही हो. मी पसरट भांड्यात वाढवून पाहिलंय. आधी मागचे पाय फुटतात. पुढचे बरेच दिवस कातडीखाली असतात, कोपराचा फुगवटा दिसतो आणि मग एक दिवस हात बाहेर पडतो. त्यानंतर ते खायचं थांबतं. भांड्यात ठेवलेल्या दगडाच्या कडेला येऊन बसतं, अर्धं अंग पाण्यात. शेपूट अजून असतं. ते वर चढतं, उतरत नाही.

आणि एक विनंती. 'शेपूट गळून पडतं' असं लिहू नका. बऱ्याच पुस्तकांत तसं असतं. शेपूट गळत नाही, अंगात जिरतं.

काठावरची
मी 'गळून पडतं'च लिहिलं होतं. आत्ता बदललं. जिरतं! किती नेमका शब्द. पावसाचं पाणी जमिनीत जिरतं तसंच.

'पाणी सोडून वर येतं' असंही एकदा लिहिलं होतं, पण 'पाणी सोडणं' म्हणजे आशाच सोडणं. तेही खोडलं.

बोलीवेडा
चढण्याचाच विषय निघाला तर 'वलगण' हा शब्द कुणाला माहीत आहे? पहिल्या मोठ्या पावसात मासे नदीतून ओढ्यात, ओढ्यातून शेतात उलट्या प्रवाहाने चढतात, ती वलगण. काही ठिकाणी नुसतं 'चढणीचे मासे'. या हालचालीसाठी शास्त्रीय मराठीत तीन ओळींचं वर्णन लागतं, बोलीत एक शब्द आहे. आणि आपण उभयचर धरून बसलोय.

जुनीवही
बोलीतला शब्द दहा मैलांवर कळत नाही. पाठ्यपुस्तक सगळ्या महाराष्ट्रासाठी असतं. भैकेर (बेडकाचं पाण्यातलं पिल्लू) आणि डिंभ (अळी) हे शब्द मलाही अवघड वाटतात, पण ते सगळ्यांना सारखेच अवघड आहेत, त्यात न्याय आहे.

ओहोळ
सगळ्यांना सारखाच न कळणारा शब्द न्याय्य कसा? 'बेडूकमासा' म्हणा, चित्र डोळ्यांपुढे उभं राहतं.

शेवाळ
मासा नाही तो.

ओहोळ
पाणमांजर तरी कुठे मांजर आहे? पाणघोडा कुठे घोडा आहे? 'पाण' लावून मराठीने कितीतरी प्राणी ओळखीचे करून घेतले. पाणथळ तर बघा, पाणी आणि थळ, म्हणजे स्थळ. पाणी आणि जमीन एकाच शब्दात, मध्ये 'आणि'सुद्धा नाही. काठावरची, 'पाणथळी जीव' कसं वाटतं?

शेवाळ
त्यात बगळाही येईल आणि निवटीही. निवटी तर मासा असून चिखलात चालते. ओहोटीला पुढचे दोन पर कुबड्यांसारखे टेकत पुढे सरकते, डोळे डोक्यावर, मध्येच डोळा खोबणीत ओढून ओला करून घेते. अंग सुकलं की थोडक्या पाण्यात लोळते. भाचीच्या व्याख्येने खरी उभयचर तीच.

थडीकर
निवटी नाही, निवटा. पुल्लिंगी आहे. अनेकवचन निवटे.

शेवाळ
आम्ही निवटीच म्हणतो. ती निवटी, त्या निवट्या.

थडीकर
तुमच्या खाडीत म्हणत असतील.

काठावरची
भाचीला निवटीचं वर्णन वाचून दाखवलं. तिचं म्हणणं, पुस्तकात बेडकाच्या आधी हिचंच प्रकरण हवं. ते माझ्या हातात नाही. सध्या वाक्य असं केलंय: 'शेपूट अंगात जिरत असतानाच ते दगडावर चढून बसतं.' उभयचरपुढे अजून पेन्सिलीने प्रश्नचिन्ह आहे.

बोलीवेडा
आमच्याकडेही निवटा. पण मोठा असेल तरच, लहान ती निवटी.