समूहाने मिळून केलेला चित्रपट नेमका कोणाचा असतो?

प्रश्न:
ब्राझीलमधील शिंगू नदीच्या खोऱ्यातील कुइकुरो या आदिवासी समाजाचे दिग्दर्शक ताकुमां कुइकुरो यांनी कार्लोस फाउस्तो आणि लिओनार्दो सेत्ते यांच्यासह केलेला ‘द हायपरविमेन’ (२०११) हा माहितीपट मी नुकताच पाहिला. पत्नीचा अंत जवळ आला आहे या भीतीने एक वृद्ध गृहस्थ जामुरिकुमालु हा स्त्रियांचा मोठा विधी करण्याची विनंती करतो, म्हणजे तिला अखेरचे एकदा गाता येईल. स्त्रियांचा सराव सुरू होतो, पण सर्व गाणी येणारी एकमेव गायिका गंभीर आजारी असते. दिग्दर्शकांपैकी फाउस्तो हे बाहेरून आलेले मानवशास्त्रज्ञ आहेत. अशा वेळी हा चित्रपट कुइकुरोंचा म्हणावा का? आणि कॅमेरा विधी जपतो की बदलतो?

उत्तर १:
आपल्या दुसऱ्या प्रश्नापासून सुरुवात करतो, कारण त्याचे उत्तर जुन्या एका प्रसंगात आहे. व्हिन्सेंट कारेली यांनी १९८६ मध्ये ब्राझीलमध्ये ‘गावांतील व्हिडिओ’ हा आदिवासी समाजांसोबत चित्रीकरण करण्याचा उपक्रम सुरू केला, तेव्हा त्यांनी नाम्बिक्वारा समाजातील मुलीच्या वयात येण्याचा विधी चित्रित करून लगेच त्याच लोकांना दाखवला. पडद्यावर स्वतःला पाहून ते नाराज झाले; अंगावर बाहेरचे कपडे फार आहेत, असे त्यांना वाटले. पुढचा विधी त्यांनी पूर्वीच्या रीतीने, अंग रंगवून केला आणि बरीच वर्षे बंद पडलेली तरुणांचे नाक व ओठ टोचण्याची प्रथाही आपणहून पुन्हा सुरू केली. म्हणजे कॅमेऱ्याने विधी बदलला हे खरे, पण तो कोणत्या दिशेने बदलावा हे त्याच लोकांनी ठरवले. माझ्या मते जतन या शब्दाचा अर्थ इथेच उलगडतो.

उत्तर २:
पहिल्या प्रश्नाबद्दल माझे मत असे की, श्रेयनामावलीत किती नावे आहेत यापेक्षा काय चित्रित करायचे, काय झाकून ठेवायचे आणि प्रथम कोणी पाहायचे हे कोण ठरवतो, ते महत्त्वाचे. हा माहितीपट कुइकुरोंच्या स्वतःच्या चित्रपट गटाच्या सहभागातून झाला आहे, आणि त्यात स्त्रियांचे संभाषण, थट्टा, एकमेकींच्या चुका सुधारणे हे सारे त्यांच्याच भाषेत चालते. भाषा न समजणाऱ्याच्या हातून त्यातले निम्मे संकलनातच गळून पडले असते.

उत्तर ३:
एक्वाडोरमधील सारायाकूचे उदाहरणही इथे जोडावेसे वाटते. बोबोनासा नदीकाठच्या या किच्वा आदिवासी समाजाच्या जमिनीत तेलशोधासाठी सुमारे १४०० किलो स्फोटके पेरली गेली होती. समाजाने आंतर-अमेरिकी मानवाधिकार न्यायालयात दाद मागितली आणि २०१२ मध्ये निकाल त्यांच्या बाजूने लागला. त्या लढ्यातले आपल्या लोकांचे म्हणणे त्यांच्यातलेच एरिबेर्तो ग्वालिंगा यांनी चित्रित केले. इथे संस्कृती आणि जमीन वेगळी काढता येत नाही.

प्रश्नकर्त्याचे उत्तर:
सर्वांचे मनापासून आभार. नाम्बिक्वारांचा प्रसंग मला ठाऊक नव्हता. आता हा माहितीपट पुन्हा पाहणार आहे. या वेळी विधीपेक्षा सरावाच्या प्रसंगांकडे, म्हणजे तरुण मुली कोणती गाणी कोणाकडून आणि कशी शिकतात याकडे, अधिक लक्ष देईन.