काबूलमधली आपली वकिलात पुन्हा उघडली, हे बरोबर झालं का?

कऱ्हाकाठची

१० ऑक्टोबर २०२५ ला दिल्लीत परराष्ट्रमंत्री जयशंकर यांनी तालिबान सरकारचे परराष्ट्रमंत्री अमीर खान मुत्ताकी यांच्यासमोर जाहीर केलं, की २०२२ पासून काबूलमध्ये असलेल्या आपल्या 'टेक्निकल मिशन'ला, म्हणजे तांत्रिक पथकाच्या कार्यालयाला, पुन्हा दूतावासाचा दर्जा देणार. त्याच महिन्यात तो दिलाही. आमच्या घरात यावरून दोन तट पडले, म्हणून इथे विचारते. माझं मत आधीच सांगून टाकते: बरोबर झालं आणि फार उशिरा झालं.

मी पुण्यात परदेशी विद्यार्थ्यांना इंग्रजी शिकवायचे. त्यात अफगाण मुलं-मुली कायम असत. एक मुलगी मझार-ए-शरीफची. कोविडमध्ये घरी गेली ती तिकडेच राहिली, एम.ए.चं शेवटचं सत्र बाकी होतं. जाताना एक वही माझ्याकडे ठेवून गेली. बाजारात ऐकलेले मराठी शब्द ती त्यात फारसी लिपीत लिहून ठेवायची आणि खाली अर्थ. 'सुट्टे', 'उद्या या', 'थांबा हो जरा'. 'चालेल' या शब्दाला तिने अर्धं पान दिलंय, कारण त्याचा अर्थ दर वेळी वेगळा निघतो असं तिचं म्हणणं.

१५ ऑगस्ट २०२१ ला काबूल पडलं. १७ तारखेला आपले राजदूत आणि सगळा कर्मचारीवर्ग हवाई दलाच्या सी-१७ विमानाने परत आला. २५ ऑगस्टला अफगाण नागरिकांना आधी दिलेले सगळे व्हिसा रद्द झाल्याचं जाहीर झालं, यापुढे फक्त ई-व्हिसा. तिच्या पासपोर्टवरचा शिक्का त्या दिवशी निकामी झाला. मझारचं आपलं वाणिज्य दूतावास काबूल पडायच्या काही दिवस आधीच बंद झालं होतं. कंदाहारचं जुलैत आणि हेरात-जलालाबादची २०२० मध्येच. साडेतीन-चार कोटींच्या देशात आपला एकही माणूस व्हिसाच्या खिडकीमागे बसलेला नव्हता. ती मला फोनवर विचारायची, "मॅडम, मी जाऊ कुणाकडे?" माझ्याकडे उत्तर नव्हतं.

वकिलात म्हणजे झेंडा, मेजवान्या आणि काळ्या काचांची गाडी असं आपल्या डोक्यात असतं. मला विचाराल तर वकिलात म्हणजे 'मी जाऊ कुणाकडे' याचं उत्तर. सरकार कुणाचं का असेना, ते उत्तर तिथे असायला हवं.

एकतारी

ताई, तुमची विद्यार्थिनी डोळ्यांसमोर उभी राहिली. तरीही मी पूर्ण विरोधात आहे आणि विरोधाचं कारण तीच मुलगी आहे.

ज्या १० ऑक्टोबरचं तुम्ही सांगताय, त्याच दिवशी मुत्ताकींनी दिल्लीतल्या अफगाण दूतावासात पत्रकार परिषद घेतली आणि तिथे एकाही महिला पत्रकाराला बोलावलं नाही. आपल्या राजधानीत! आपल्या परराष्ट्र खात्याने सांगितलं की आमचा त्यात काही संबंध नव्हता. गदारोळ झाला म्हणून दोन दिवसांनी दुसरी परिषद झाली आणि त्यात बायकांना बसू दिलं. गदारोळ झाला नसता तर?

तिकडे मुलींना सहावीच्या पुढे शाळा नाही. डिसेंबर २०२२ पासून विद्यापीठंही बंद. डिसेंबर २०२१ चा हुकूम असा, की बाईने ७२ किलोमीटरच्या पुढे जायचं तर बरोबर घरचा पुरुष हवा. तुम्ही काबूलला खिडकी उघडा हो, मझारहून काबूल चारशे किलोमीटरच्या वर आहे. ती मुलगी त्या खिडकीपर्यंत पोचणार कशी? पोचतील ते पुरुष आणि व्यापारी. आणि 'भारतानेही दूतावास उघडला' हे तालिबान जगभर सांगत फिरेल, ते वेगळंच.

डोंगरवाट

एकतारी, मुद्दा पटला, पण वकिलात उघडणं आणि मान्यता देणं यांत फरक आहे. जुलै २०२५ मध्ये रशियाने तालिबानला मान्यता दिली, तसं करणारा तो पहिला देश. आपण अजून दिलेली नाही.

मला वेगळंच बोलायचं आहे. या वकिलातीसाठी माणसं गेली आहेत, ती कुणी आठवत नाही.

७ जुलै २००८, सोमवार, सकाळची वेळ. स्फोटकं भरलेली गाडी वकिलातीच्या फाटकावर आली. ब्रिगेडियर रवी दत्त मेहता हे आपले संरक्षण अधिकारी, व्ही. वेंकटेश्वर राव हे परराष्ट्र सेवेतले अधिकारी. दोघेही नेमके तेव्हा आत शिरत होते. दोघेही गेले. आयटीबीपीचे, म्हणजे वकिलातीची राखण करणाऱ्या भारत-तिबेट सीमा पोलीस दलाचे, दोन जवानही गेले. एकूण ५८ मृत्यू आणि त्यात बहुतेक अफगाण. बरेच जण व्हिसासाठी ताटकळत उभे होते. कऱ्हाकाठच्या ताई ज्या खिडकीबद्दल बोलतात, त्याच खिडकीची ती रांग.

८ ऑक्टोबर २००९ ला पुन्हा तिथेच स्फोट, आणखी १७ जण. फेब्रुवारी २०१० मध्ये काबूलमध्ये आपली माणसं राहायची त्या अतिथिगृहांवर हल्ला झाला, त्यात मेजर लैश्राम ज्योतिन सिंग हे लष्करी डॉक्टर नि:शस्त्र असूनही हल्लेखोराला भिडले. त्यांना मरणोत्तर अशोकचक्र मिळालं.

इतकं होऊनही आपण हललो नाही. मग ऑगस्ट २०२१ मध्ये दोन दिवसांत निघालो. आयटीबीपीच्या पथकाबरोबर माया, रूबी आणि बॉबी ही तीन श्वानंही विमानात आली. त्यांचा फोटो मी कितीतरी वेळ बघत बसलो होतो. श्वानांनाही मागे ठेवलं नाही याचं बरं वाटलं आणि फाटकाबाहेर रोज उभे राहणारे स्थानिक लोक मागे राहिले हे टोचलंही. माझं मत: दूतावास असावा, पण पुन्हा निघायची वेळ आली तर स्थानिक कर्मचाऱ्यांना कसं काढायचं हे आधी ठरवूनच.

कऱ्हाकाठची

डोंगरवाट, ती रांग माझ्या लिहिण्यातून सुटली होती. तुम्ही आठवण दिलीत हे बरं केलंत.

एकतारी, एक उदाहरण देते. सप्टेंबर १९९६ मध्ये तालिबान काबूलमध्ये शिरले तेव्हाही आपण वकिलात बंद केली होती. तेव्हाही तत्त्व हेच, या लोकांशी बोलायचं नाही. तीन वर्षांनी, २४ डिसेंबर १९९९ ला, काठमांडूहून निघालेलं आयसी-८१४ विमान पळवून कंदाहारला नेलं. दीडशेवर प्रवासी आणि अख्ख्या अफगाणिस्तानात आपला एक अधिकारी नाही. इस्लामाबादच्या उच्चायुक्तालयातून ए. आर. घनश्याम यांना कंदाहारला पाठवावं लागलं, का तर सगळ्यांत जवळचा आपला माणूस पाकिस्तानात होता! ज्या हवाईतळावर विमान उभं, तिथे ओळखीचा एक चेहरा नाही, कोण खरं बोलतंय ते सांगणारा कुणी नाही. शेवटी ३१ तारखेला मसूद अझरसह तिघांना सोडावं लागलं.

वकिलात असती तर सुटका वेगळी झाली असती असा दावा मी करत नाही. पण आंधळ्यासारखं चाचपडावं तरी लागलं नसतं.

पाटीपेन्सिल

थोडं इतिहासात शिरू का?

'वकिलात' हा आपला जुना शब्द आहे. पेशव्यांचे वकील दरबारोदरबारी असत. दिल्लीला हिंगणे घराणं पिढ्यान्‌पिढ्या होतं, हैदराबादला निजामाकडे गोविंदराव काळे. १७९५ ला खर्ड्याला निजामाशी लढाई झाली, म्हणजे ज्याच्या दरबारात आपला वकील बसतो त्याच्याशीच युद्ध. वकील ठेवायचा तो मैत्री आहे म्हणून नव्हे, तिकडे काय शिजतंय ते रोजच्या रोज कळावं म्हणून.

काबूलने तर परक्या वकिलातींचं सगळं पाहिलंय. १८४१ मध्ये जमावाने अलेक्झांडर बर्न्स या इंग्रज अधिकाऱ्याला मारलं, १८७९ मध्ये इंग्रजांचा वकील कॅव्हॅग्नरी आणि त्याच्या रक्षकांची काबूलच्या बाला हिसार किल्ल्यात कत्तल झाली. दोन्ही वेळा मागोमाग इंग्रजांचं सैन्य काबूलवर आलं, त्यामुळे परकी वकिलात म्हणजे परक्या फौजेची पहिली पावलं ही भीती तिथल्या माणसाच्या मनात बसली असेल तर नवल नाही. पण त्याच शहरात १९४१ मध्ये सुभाषबाबू वेष पालटून पोचले, उत्तमचंद मल्होत्रांच्या घरी लपले, आणि इटलीच्या वकिलातीने त्यांना 'ऑर्लांदो मात्सोता' नावाचा पासपोर्ट दिला म्हणून ते बर्लिनला जाऊ शकले. तेव्हा आपली स्वतःची वकिलात नव्हती, आपण गुलाम होतो. स्वतंत्र झाल्यावर जानेवारी १९५० मध्ये, प्रजासत्ताक व्हायच्याही आधी, अफगाणिस्तानशी मैत्रीचा करार केला. इतकं जुनं नातं मधल्या एका राजवटीमुळे तोडू नये असं मला वाटतं.

एकतारी

पाटीपेन्सिल, खर्ड्याचा दाखला छान आहे, पण निजाम आणि पेशवे दोघेही एकमेकांचं राज्य मानत होते. इथे तोच तर प्रश्न आहे.

आणि बोलायचंच नाही असं मी कुठे म्हटलं? ३१ ऑगस्ट २०२१ ला दोहामधल्या आपल्या दूतावासात राजदूत दीपक मित्तल तालिबानच्या स्तानिकझाईंना भेटलेच की. हे स्तानिकझाई १९८२ मध्ये डेहराडूनच्या आपल्या लष्करी अकादमीत शिकलेले. जानेवारी २०२५ मध्ये परराष्ट्र सचिव मिस्री दुबईत मुत्ताकींना भेटले. जून २०२२ च्या भूकंपानंतर काबूलमध्ये आपलं तांत्रिक पथक पोचलं आणि तिथे राहिलं. त्याच वर्षी पाकिस्तानमार्गे गहू गेला, औषधं गेली. हे सगळं मला मान्य आहे, अभिमानही आहे.

माझा प्रश्न साधा आहे. बोलणंही होत होतं, गहूही जात होता, काबूलमध्ये माणसंही होती. मग पाटी बदलून नेमकं काय वाढलं? तैवानला आपण मान्यता देत नाही, तरी १९९५ पासून तैपेईत आपलं कार्यालय चालू आहे, 'दूतावास' न म्हणता. तीच वाट इथे का नको? दूतावासाची पाटी ही आपल्या हातातली शेवटची गोष्ट होती. मुलींची एक तरी शाळा उघडा, मग पाटी लावू, असं सांगता आलं असतं. आपण ती फुकट देऊन टाकली.

डोंगरवाट

फुकट कशी? त्या देशात आपले सुमारे तीन अब्ज डॉलर गुंतलेत. हेरातचं सलमा धरण, काबूलची संसद, झरंज-देलाराम हा २१८ किलोमीटरचा रस्ता. तो रस्ता बांधताना आपली माणसं मारली गेली. हे सांभाळायला कुणी नको?

एकतारी

सांभाळायला माणूस हवा हे मान्य आहे. पाटी हवी हे अजून पटलेलं नाही.

कऱ्हाकाठची

एकतारी, तुमच्या प्रश्नाने माझी दोन दिवस झोप उडवली. पाटीच्या बदल्यात काहीतरी मागायला हवं होतं, हे मला आता मान्य आहे. निदान एवढं तरी, की शिकायला येणाऱ्या मुलींना देशाबाहेर पडू द्या. मागितलं की नाही ते मला ठाऊक नाही, जाहीर निवेदनात तरी मला दिसलं नाही. ७२ किलोमीटरच्या हुकमाचा विचार मी केलाच नव्हता, हीही कबुली देते.

तरी वकिलात हवीच, यावरून मी हटत नाही. तालिबान शाळा उघडेपर्यंत थांबायचं, तर तोवर आजारी माणूस दिल्लीच्या इस्पितळात यायला अर्ज कुठे करणार?

एकतारी

ताई, आपण दोघी तिच्याबद्दल इतकं बोलतोय. तिला विचारलंत का?

कऱ्हाकाठची

नव्हतं विचारलं. तुमचं वाचून काल रात्री विचारलं. भारताने काबूलला दूतावास पुन्हा उघडला, तुला काय वाटतं, चूक की बरोबर, असं सरळ लिहिलं.

सकाळी उत्तर आलं. चूक-बरोबर काहीच लिहिलेलं नाही. विचारलंय की बायकांचे अर्ज घ्यायला तिथे बाई बसते का, भाऊ बरोबर नसेल तर आत सोडतात का, आणि २०१९ चा प्रवेश अजून धरतील का. खाली लिहिलंय, वही जपून ठेवा.