बिलाचं सॉफ्टवेअर उघडंना : लातूरच्या एका सोसायटी ग्रुपवरची चर्चा

सचिव (ए-१०४): नमस्कार सगळ्यांला. ऑफिसच्या कॉम्प्युटरवर बिलाचं सॉफ्टवेअर उघडंना गेलंय, एकच मेसेज येऊलालाय, 'व्हीसीरनटाइम१४० डॉट डीएलएल वॉज नॉट फाउंड'. प्रोग्राम काढून परत टाकला तरी तेच. ऑडिटरला कागद द्यायचेत, सर्वसाधारण सभा ३० सप्टेंबरच्या आत घ्यावी लागती, कोणाला कळत असंल तर सांगा बाबा

बी-२०१ काका: सोप्पं हाय. गुगलवर त्या फाइलीचं नाव टाका, डाउनलोड करा अन् विंडोजच्या सिस्टिम३२ फोल्डरात नेऊन ठेवा. आमच्या भाच्यानं असंच केलतं

सी-३०३: काका थांबा!! सचिव साहेब तसलं काही करू नका. सुट्ट्या डीएलएल फुकट वाटणाऱ्या साइटी असतात, त्या फाइलीत काय घुसडलंय कोणाला माहीत, अन् त्याच कॉम्प्युटरवर सोसायटीचं नेटबँकिंग चालतं

ए-२०२ काकू: अरे पण ही डीएलएल म्हंजी हाय तरी काय? एवढीशी फाइल नाही म्हणून अख्खं सॉफ्टवेअर अडून बसतं का?

सी-३०३: काकू गावाकडं देवस्थानची भांडी असतात बघा, हंडे कढया पराती, लग्न कोणाच्या बी घरी असू द्या तिथूनच आणायची, प्रत्येकानं इकत घ्यायची गरज नाही. डीएलएल तसलीच. डायनॅमिक लिंक लायब्ररी. सगळ्या सॉफ्टवेअरला लागणारी बारीकसारीक कामं एका फाइलीत लिहून ठेवलेली असतात अन् दहा प्रोग्राम तीच वापरतात, जागा वाचती अन् काही चुकलं तर एकाच जागी दुरुस्त करता येतं. १९८५ ला पहिलं विंडोज आलं तवापासून चालू हाय हे

बी-२०१ काका: अन् नेलेली भांडी कोणी टायमावर आणून देत नाही 😀

सी-३०३: 😀 पूर्वी त्याच्याहून वाईट होतं काका. नवीन सॉफ्टवेअर टाकलं की ते आपली जुनी फाइल चांगल्या फाइलीवर ठेवून मोकळं, मग दुसरंच काहीतरी बंद पडायचं, डीएलएल हेल म्हणायचे त्याला लोक. विंडोज २००० पासून सिस्टिमची फाइल कोणी बदलली तर विंडोजच मूळची परत ठेवू लागलं. पण सचिव साहेब, तुमची हरवलेली फाइल विंडोजची नाहीच, ती 'व्हिज्युअल सी प्लस प्लस' नावाच्या, सॉफ्टवेअरला लागणाऱ्या डीएलएलच्या वेगळ्या पॅकेजमधून येती. कंट्रोल पॅनेलमधी प्रोग्रामच्या यादीत त्या नावाच्या ओळी किती दिसतात?

सचिव (ए-१०४): एक बी नाही. परवा कॉम्प्युटर स्लो चालायला म्हणून साफसफाई झाली, त्या नावाच्या लई ओळी होत्या म्हणे, डबल डबल वाटल्या म्हणून काढल्या

सी-३०३: झालं की मग. डबल नव्हत्या त्या. २००८, २०१०, २०१३ ची पॅकेजं वेगवेगळी, २०१५ पासून पुढचं एकत्र, अन् त्यात ३२ बिटचं म्हंजी जुन्या धाटणीच्या सॉफ्टवेअरला लागणारं वेगळं, ६४ बिटचं म्हंजी नव्या धाटणीच्याला लागणारं वेगळं. कोणी काढल्या ते जाऊ द्या. मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून 'व्हिज्युअल सी प्लस प्लस रिडिस्ट्रिब्युटेबल' घ्या, पैसे लागत नाहीत

सचिव (ए-१०४): एक्स६४ वालं टाकलं, कॉम्प्युटर ६४ बिटचाच हाय. रिस्टार्ट बी केला. तरी तेच येऊलालंय

सी-३०३: कॉम्प्युटरकडं नाही, सॉफ्टवेअरकडं बघायचं. आपलं बिलाचं जुनं हाय, 'प्रोग्राम फाइल्स एक्स८६' मधी असंल तर ते ३२ बिटचं. एक्स८६ वालं म्हंजी ३२ बिटचं बी टाका, दोन्ही राहू द्या. मायक्रोसॉफ्टनं नावं तर उलटीच ठेवलीत, ६४ बिटच्या विंडोजमधी सिस्टिम३२ फोल्डरात ६४ बिटच्या डीएलएल अन् ३२ बिटच्या सिसवॉव६४ मधी! म्हणून काका म्हणले तशी फाइल सिस्टिम३२ मधी ठेवली असती तरी आपल्या सॉफ्टवेअरला दिसलीच नसती, त्याला विंडोज परस्पर दुसऱ्या फोल्डरात पाठवतं

बी-२०१ काका: मग भाच्याचं कसं काय चाललं?

सी-३०३: त्याचं सॉफ्टवेअर ६४ बिटचं असंल. पण अँटिव्हायरस फिरवून घ्या म्हणावं त्याला

सचिव (ए-१०४): उघडलं!! एक्स८६ टाकल्या टाकल्या चालू झालं. धन्यवाद दादा 🙏 बिलं संध्याकाळपर्यंत काढतो

डी-१०१ ताई: बिलं काढायच्या आधी आमचे टँकरचे पैसे बघा, मागच्या महिन्यात दोनदा लागलेत

सचिव (ए-१०४): ताई त्याचा अन् डीएलएलचा काही संबंध नाही, रजिस्टर बघावं लागंल. पावती घेऊन सहानंतर ऑफिसात या