मराठवाड्याच्या आभाळात दिसलेले उजेड: तुमचे अनुभव लिहा

आभाळात काहीतरी बघितलं, पण लोक वेड्यात काढतील म्हणून कुणाला सांगितलं नाही, असं झालंय का? मग हा धागा तुमच्यासाठी आहे. आपल्याकडं रात्रीचं आभाळ खरं बघतो तो शेतकरी. लाईट रात्रीची, म्हणून पाणी द्यायला रात्री रानात. ज्वारी हुरड्यात आली की रानडुकरांच्या भीतीनं मुक्काम आखाड्यावर. या माणसांनी पाहिलेलं कुणी लिहून ठेवत नाही, याचं मला फार वाईट वाटतं. भूत म्हणा, देवाचं म्हणा, विमान म्हणा, आधी जे दिसलं ते सांगा. दिशा कोणती, वाजले किती, किती वेळ दिसलं, आवाज आला का. कारण मागाहून शोधू.

सिल्लोड, छत्रपती संभाजीनगर
२०२२ चा पाडवा, २ एप्रिल. गुढी उतरवून आम्ही ओट्यावर बसलो होतो. पावणेआठच्या सुमारास उत्तरेला, अजिंठ्याच्या डोंगरावर, पेटते गोळे दिसले. मागं लांब शेपट्या, सगळे एका रांगेत, पश्चिमेकडून पूर्वेकडं. तारा तुटतो तसं झर्रकन नाही, सावकाश. आत जाऊन पोराला घेऊन आले तरी दिसतच होते. सासूबाई हात जोडून उभ्या राहिल्या. शेजारचे आबा म्हणाले, "विमान पडायलंय बघा."

> याचं कारण सापडलेलं आहे. फेब्रुवारी २०२१ मध्ये उडालेल्या चीनच्या चँग झेंग ३बी रॉकेटचा तो शेवटचा टप्पा होता, असं जाणकारांनी काढलं. त्याच रात्री चंद्रपूर जिल्ह्यात, सिंदेवाही तालुक्यातल्या लाडबोरीत धातूचं भलंमोठं कडं पडलं. तुम्ही 'सावकाश' लिहिलंत ते फार मोलाचं आहे. उल्का सेकंदाला ११ ते ७२ किलोमीटर वेगानं शिरते आणि बहुधा डोळ्याचं पातं लवेपर्यंत विझते. हे धूड पृथ्वीभोवती फिरत होतं. ते आठएक किलोमीटरच्या वेगानं, जवळजवळ आडवं खाली आलं.

गंगाखेड, परभणी
दिवस मावळून तासभर झाला असंल. गव्हाला दारं धरायलो होतो. सहज वर बघितलं तर दिव्यांची माळ! एकामागं एक, लुकलुक नाही, आवाज नाही. अंगावर काटा आला. आमची आजी वेताळाच्या पालखीचं सांगायची. पलिते घेऊन भुतं चालतात, आडवं जायचं नाही म्हणायची. खोरं टाकून बांधावर बसलो. माळ निम्म्या आभाळात आली आन् पुढचा दिवा गेला, मग त्याच्या मागचा, मग त्याच्या मागचा, सगळे त्याच जागेवर. हे इझणं काय असंल?

> हे स्टारलिंकचे, म्हणजे आभाळातून इंटरनेट पुरवणारे उपग्रह. सोडल्यावर पहिले काही दिवस ते असे ओळीनं जातात. खाली अंधार पडला तरी तेवढ्या उंचीवर ऊन असतं. पृथ्वीच्या सावलीत शिरला की एकेक दिसेनासा होतो, म्हणून सगळे एकाच जागी विझले. पण दादा, आजीची गोष्ट पुरी लिहा. पालखीपुढं कोण असायचं, वाटेत सापडलेल्या माणसानं काय करायचं, तेही मला हवंय.

केज, बीड
पवनचक्क्यांचे लाल दिवे. सगळ्या माळावर एकदम लागतात, एकदम विझतात. माहीत नसताना बघितले तेव्हा पाय लटपटले होते.

औसा, लातूर
१९९७ चा उन्हाळा लागत होता. भूकंपाला चार वर्षंही झाली नव्हती, माणसं अजून घरात झोपायला भ्यायची. आम्ही अंगणात बाजेवर. सांजच्याला वायव्येला शेपटीचा तारा, रोज, त्याच बाजूला. आजी म्हणायची, शेंडेनक्षत्र उगवलं, आता धरणी पुन्हा हलणार. ती रात्रभर जागी राहायची, आमच्या पांघरुणावर हात ठेवून. मग गुरुजींनी शाळेत फळ्यावर काढून दाखवलं. हेल-बॉप नावाचा धूमकेतू, सूर्याला वळसा घालून निघालाय, परत यायला दोन हजारांवर वर्षं. मी घरी येऊन आजीला सांगितलं. ती एवढंच म्हणाली, "मग नीट बघून घे."

बदनापूर, जालना
चंद्राला खळं पडतं त्याचं कुणी लिहिलं नाही. आमचे बापू म्हणायचे, खळं लांब तर पाऊस जवळ.

> बापूंचं निरीक्षण पक्कं होतं. मोठं खळं उंच ढगांतल्या बर्फाच्या स्फटिकांमुळं पडतं, चंद्रापासून २२ अंशांवर. हात लांब करून वीत पसरली तर साधारण तेवढं. असे ढग पुष्कळदा पावसाच्या ढगांच्या पुढं चालत येतात. चंद्राला चिकटलेलं लहान तेजोवलय वेगळं, ते पाण्याच्या बारीक थेंबांचं असतं.

धर्माबाद, नांदेड
गोदावरीकाठच्या शेतात होतो. एकाएकी हिरवट-निळा उजेड पडला, सोयाबीनच्या काडाची सावली जमिनीवर सरकताना दिसली. वर बघेपर्यंत संपलं. मग बऱ्याच वेळानं लांबून गडगडल्यासारखं झालं. आभाळ निरभ्र होतं. अजून कुणी उलगडून सांगितलं नाही.

> मोठी उल्का असावी, म्हणजे अग्निगोल. ती तीसेक किलोमीटर उंचीवर फुटली तरी आवाज जमिनीवर यायला दीड मिनिट लागतं, म्हणून विचारतो, मध्ये अंदाजे किती वेळ गेला? आणि सावली कोणत्या दिशेनं सरकली? तारीख आठवत नसेल तर मळणीच्या आधीचं की नंतरचं, तेवढं सांगा. उमरी, बिलोली, नायगावकडं ही रात्र कुणी पाहिली असेल तर त्यांनीही दिशा लिहावी. दोन गावांतून दिशा नीट मिळाल्या की ती कुठून कुठं गेली ते नकाशावर काढता येतं.