मदत हवी आहे: व्हिक्टोरियन खेड्यांतला विषमज्वर

नमस्कार मंडळी. इंग्लंडच्या खेड्यांतल्या विषमज्वरावर (टायफॉइडवर) लेख लिहितेय. १८३९ मध्ये डेव्हनमधल्या नॉर्थ टॉटन गावात डॉ. विल्यम बड यांनी ८० हून जास्त रुग्ण पाहिले आणि दोष दुर्गंधीला नाही, तर रुग्णाच्या विष्ठेतून होणाऱ्या संसर्गाला दिला. जंतू सापडायच्या चाळीसएक वर्षं आधी! अडलंय ते पुढे. १८७२ च्या कायद्याने ग्रामीण स्वच्छतेचं काम आलं गरिबांच्या मदतीचं काम बघणाऱ्या पालक मंडळांकडे, आणि ती तर पैशाला घट्ट. मग विहिरी, गटारांचा खर्च प्रत्यक्षात कोण करायचं, घरमालक की मंडळ? रेव्हरंड हेन्री मूल यांचे, पाण्याऐवजी कोरडी माती टाकायचे संडास शेतमजुरांच्या घरांत पोचले होते का? ग्रामीण आरोग्य अधिकाऱ्यांचे जुने अहवाल कुणी चाळले असतील तर सांगा ना. लंडनचं नको, ते भरपूर मिळालंय.